यंत्राचा समीक्षक होऊ इच्छिणाऱ्यास

वृत्तपत्र, आकाशवाणी, दूरदर्शन आणि आता प्रत्येकाच्या खिशात जाऊन बसलेला मोबाइल यांनी आपल्या सामाजिक व्यवहारात जे फेरफार घडवून आणले, त्यांची साक्षेपाने चिकित्सा करणे हेच आपले आयुष्यभराचे कार्य व्हावे अशी आकांक्षा बाळगणारे तरुण हल्ली अधूनमधून भेटू लागले आहेत. आणि या विद्येचे शिक्षण कोठे मिळते व तिच्यावर पोट भरते काय, एवढ्या दोन गोष्टींपुरतेच त्यांचे विचारणे बहुधा असते. दुसऱ्या प्रश्नाचा निकाल आधी लावून टाकलेला बरा. या विद्येवर पोट भरत नाही. ज्या थोड्यांचे भरताना दिसते, त्यांपैकी काहींना ज्या यंत्राविषयी ते लिहितात त्या यंत्राच्या मालकाकडूनच काही ना काही पोचत असते, आणि मग त्यांच्या लेखनाला चिकित्सा म्हणावे की जाहिरात, याचा खल वाचकाला करीत बसावे लागते. तेव्हा उदरनिर्वाहाची तजवीज निराळी करावी व चिकित्सेचे काम तिच्या आश्रयाने चालवावे, हा या लेखातला पहिला आणि बहुधा सर्वांत नावडता सल्ला.

त्याला आधार आहे तो न्यूयॉर्कच्या नील पोस्टमन यांच्या आयुष्यक्रमाचा. 1931 साली जन्मलेले आणि 2003 साली निवर्तलेले हे गृहस्थ दूरदर्शनचे व एकंदर यंत्रसंस्कृतीचे टीकाकार म्हणून जगभर वाचले गेले. परंतु त्यांच्या दरमहाच्या पगाराच्या पावतीवर टीकाकार असा हुद्दा कधीही नव्हता. फ्रेडोनिया येथील महाविद्यालयात बास्केटबॉल खेळत पदवी घेतलेला, पुढे कोलंबिया विद्यापीठाच्या अध्यापक महाविद्यालयातून डॉक्टर झालेला हा मनुष्य 1959 मध्ये न्यूयॉर्क विद्यापीठात अध्यापक म्हणून रुजू झाला आणि अखेरपर्यंत तेथेच राहिला. त्यांचा मूळ विषय शाळेत इंग्रजी भाषा कशी शिकवावी हा होता, आणि 1961 सालचे त्यांचे पहिले पुस्तकही दूरदर्शन आणि इंग्रजीचे अध्यापन यांच्या संबंधावरच होते. समोरच्या बाकावर बसलेले मूल घरून काय पाहून येते आणि त्यामुळे आपल्या शिकवण्याचे काय होते, हा एका मास्तराचा रोजचा अडचणीचा प्रश्न होता, आणि पुढच्या चाळीस वर्षांतली दीड डझनाच्या घरातली पुस्तके या एका प्रश्नाच्या पोटातून निघाली.

यावरून घेण्यासारखी गोष्ट अशी की, नवशिक्याने 'तंत्रज्ञान आणि समाज' या अफाट मथळ्याखाली लिहावयास बसू नये. आपण ज्या पेशात आहोत, किंवा आपल्या घरात जो पेशा चालत आला आहे, त्यात शिरलेले एखादे यंत्र धरावे. तलाठ्याच्या मुलाला संगणकावरच्या सातबाऱ्याविषयी जे दिसेल ते मुंबईच्या व्यासंगी प्राध्यापकाला दिसणार नाही. परिचारिकेला, बँकेतल्या कारकुनाला, बाजार समितीतल्या हमालाला आपापल्या कामात यंत्राने नेमके काय हिरावले व काय दिले याचा तपशील तोंडपाठ असतो, फक्त तो लिहून ठेवण्याजोगा आहे असे त्यांना कोणी सांगितलेले नसते.

आता प्रश्न कसा विचारावा ते पाहू. पोस्टमन यांनी नवीन मोटार घेतली तेव्हा तीत पायाने दाब न देता गाडीचा वेग कायम राखण्याची सोय होती, आणि विक्रेता तिचे जादा मोल सांगत होता. ही सोय कोणत्या अडचणीवर उपाय आहे, असे त्यांनी त्याला विचारले. विक्रेत्याला हे बहुधा पूर्वी कोणी विचारले नसावे. थोडा विचार करून तो म्हणाला, ज्यांना सतत पाय दाबून धरणे जड जाते त्यांच्यासाठी. पोस्टमन यांनी इतकी वर्षे गाडी चालवली होती आणि ही अडचण त्यांना एकदाही जाणवली नव्हती. गोष्ट हसण्याची आहे. तथापि तिच्यात जी प्रश्नांची मालिका दडली आहे तिच्यावर अनेक वर्षांची व्याख्याने उभी राहिली. हे यंत्र कोणत्या अडचणीचा परिहार करते. ती अडचण मुळात कोणाची. तिचा परिहार करताना कोणत्या नव्या अडचणी जन्मास येतात. त्यांचा भार कोणावर पडतो. आणि या सर्व उलाढालीत नवा अधिकार कोणाच्या हाती जातो. यंत्र चांगले की वाईट, हा प्रश्न या मालिकेत नाही हे ध्यानात ठेवावे, कारण नवशिक्याचे निम्मे लेखन त्याच एका प्रश्नावर वाया जाते.

हे प्रश्न घेऊन एखाद्या रास्त भावाच्या दुकानात महिन्याच्या सुरुवातीला जाऊन उभे राहावे. फळीवर हाताच्या पंजाएवढे ई-पॉस यंत्र असते, त्याला बोट टेकण्यापुरती काच असते. रांगेत पुढे आलेल्या वृद्धेचे बोट आयुष्यभर खुरपणी आणि भांडी केल्यामुळे असे झिजलेले असते की त्यावरच्या रेषा यंत्राला सापडत नाहीत. ती अंगठा पदराला पुसते, पुन्हा टेकते. "आजी, अंगठा लागत नाही, दुसरं बोट द्या," असे दुकानदार म्हणतो. दुसरे बोट, तिसरे बोट. मग रेंज जाते. मग मागच्या रांगेतून कोणीतरी कुरकुरतो, आणि दुकानदार तिला उद्या यावयास सांगतो. येथे घाईने लेखणी उचलून यंत्राला क्रूर ठरविणारा एक हळवा लेख लिहिणे फार सोपे आहे, आणि तसे लेख पुष्कळ निघालेही आहेत. समीक्षकाने मात्र आधी हे कबूल केले पाहिजे की बनावट शिधापत्रिका आणि काळ्या बाजारात जाणारे धान्य ही खरी अडचण होती, आणि यंत्रापूर्वीच्या काळात म्हातारीला चेहऱ्याने ओळखणारा हाच दुकानदार तिला चेहऱ्यावरूनच मापात फसवूही शकत होता. अडचण सरकारची होती. उपायाचा भार मात्र झिजलेल्या बोटावर पडला. आपण कोण आहोत हे सिद्ध करण्याची जबाबदारी यंत्र बसवणाऱ्याकडून धान्य घेणाऱ्याकडे सरकली, आणि हे सरकणे कोणत्याही हुकमात इतक्या उघड शब्दांत लिहिलेले आढळणार नाही. हेच हुडकून काढणे हे समीक्षकाचे काम.

त्यासाठी वहीत नोंद करावी: किती जण आले, किती परत गेले, दुकानदाराने काय सांगितले, परत गेलेल्यांपैकी दुसऱ्या दिवशी किती आले. एका दुकानाची नोंद पुरावा ठरत नाही. म्हणून मग तहसील कार्यालयाच्या पुरवठा शाखेकडे माहितीच्या अधिकाराचा अर्ज टाकावा. 2005 च्या कायद्यान्वये दहा रुपयांचे शुल्क आणि साधारणपणे तीस दिवसांची मुदत एवढ्यावर जी माहिती मागता येते, तिच्यासाठी आपले लेखक अजून ओळखीच्या अधिकाऱ्यांच्या दारी का हेलपाटे घालतात हे कळत नाही. अर्जात मोघम लिहू नये. अमुक महिन्यात अमुक दुकानात किती व्यवहार ओळख न पटल्यामुळे अपूर्ण राहिले आणि अशा प्रसंगी धान्य देण्याची कोणती पर्यायी पद्धत ठरवून दिली आहे, इतके नेमके विचारावे. उत्तर नामंजुरीचे आले तर अपील करावे, आणि नामंजुरीचा कागदही जपून ठेवावा, कारण कोणती माहिती कोणत्या सबबीवर अडवली गेली हाही लेखाचा विषय होऊ शकतो.

एवढे झाल्यावर ग्रंथालयात जावे. जुन्या यंत्रांचा इतिहास ठाऊक नसलेल्या माणसाला प्रत्येक नवे यंत्र एक तर अवतार वाटते किंवा अरिष्ट. पोस्टमन यांच्या 1985 सालच्या प्रसिद्ध पुस्तकाचा, 'अम्यूझिंग अवरसेल्व्ज टू डेथ'चा, विषय दूरदर्शन असला तरी त्याचा मोठा भाग एकोणिसाव्या शतकाने व्यापला आहे. 1854 च्या ऑक्टोबरात अमेरिकेतील पिओरिया येथे लिंकन यांचे प्रतिस्पर्धी डग्लस तीन तास बोलले, आणि मग लिंकन यांनी श्रोत्यांना सुचविले की आता घरी जाऊन जेवून यावे, कारण अजून चार तासांचे ऐकावयाचे आहे. आणि लोक जेवून परत आले! अशा श्रोत्यांपासून पंचेचाळीस सेकंदांत उरकणाऱ्या दूरदर्शनवरच्या बातमीपर्यंतचा प्रवास त्यांनी तारायंत्र आणि छायाचित्र या मधल्या मुक्कामांसह दाखविला, म्हणून त्यांची तक्रार म्हाताऱ्याची कुरकुर न ठरता विवेचन ठरली.

आपल्याकडेही ही सामग्री भरपूर आहे. गणपत कृष्णाजींनी 1831 साली मुंबईत पंचांग छापले, पुढल्याच वर्षी जानेवारीत बाळशास्त्री जांभेकरांचे 'दर्पण' निघाले, आणि छापील कागदाला हात लावावा की नाही याविषयी त्या काळच्या सोवळ्या मंडळींना पडलेला पेच गोविंद नारायण माडगांवकरांच्या 'मुंबईचे वर्णन' या 1863 सालच्या ग्रंथामुळे आपल्याला कळतो. छापखान्याने बाळबोध लिपीला जे बळ दिले त्यात मोडीची कशी पिछेहाट झाली हेही अभ्यासण्याजोगे आहे: जोडून, न थांबता लिहिण्यासाठी घडलेली ही लिपी सुट्या खिळ्यांत नीट बसेना, आणि आज पेशवे दप्तरापासून घरोघरच्या खरेदीखतांपर्यंत लक्षावधी कागद असे पडले आहेत की ते लिहिणाऱ्यांच्या वंशजांनाच ते वाचता येत नाहीत. यंत्राने काय दिले हे सांगणारे पुष्कळ असतात. काय नेले याची यादी कोणी करत नाही.

परंतु महाराष्ट्रातील नवशिक्याला एकच जुना दाखला वाचावयास सांगायचा झाला तर मी 1956 सालचा पुण्याचा सांगेन. त्या वर्षी आकाशवाणीच्या पुणे केंद्राने युनेस्कोच्या साहाय्याने, कॅनडातील शेतकरी-मंडळांच्या धर्तीवर, पुणे, अहमदनगर, नाशिक, उत्तर सातारा आणि कोल्हापूर या पाच जिल्ह्यांतील सुमारे दीडशे खेड्यांत एक प्रयोग केला. प्रत्येक गावात विसेक जणांचे श्रोतृमंडळ नेमले. आठवड्यातून दोनदा अर्ध्या तासाचा शेतीविषयक कार्यक्रम लागे, तो मंडळींनी एकत्र बसून ऐकावा, त्यावर चर्चा करावी आणि मनात आलेल्या शंका पुणे केंद्राला लिहून कळवाव्यात, अशी योजना होती. टाटा समाजविज्ञान संस्थेतर्फे पॉल न्यूराथ या समाजशास्त्रज्ञाने तिची तपासणी केली, आणि तपासणीची मांडणी अशी चतुर होती की मंडळे असलेल्या गावांशेजारी रेडिओ आहे पण मंडळ नाही अशी गावे आणि रेडिओच नाही अशी गावेही घेतली. जेथे मंडळ होते तेथे लोकांच्या माहितीत मोठी भर पडली. जेथे नुसता रेडिओ होता तेथे ती फारच थोडी पडली. पेटी दोन्हीकडे तीच, कार्यक्रम तोच, भाषाही तीच. फरक होता तो पारावर एकत्र बसण्याचा, उलट विचारण्याचा आणि आपल्या पत्राला उत्तर येईल या भरवशाचा. यंत्र स्वतःच समाज बदलते असे म्हणणाऱ्यांना आणि यंत्राने काहीच बदलत नाही असे म्हणणाऱ्यांना, दोघांनाही हा अहवाल एकाच वेळी अडचणीत आणतो. आज शेतकऱ्यांसाठी नवनवी मोबाइल-ॲप काढणाऱ्यांपैकी किती जणांनी तो उघडून पाहिला असेल, याविषयी मला दाट शंका आहे.

वाचनाविषयी आणखी थोडे. लुईस मम्फर्ड यांचे 1934 सालचे 'टेक्निक्स अँड सिव्हिलिझेशन', हॅरल्ड इनिस यांचे 1950 सालचे 'एम्पायर अँड कम्युनिकेशन्स', मार्शल मक्लूहन यांचे 1964 सालचे 'अंडरस्टँडिंग मीडिया' ही या विद्येची मूळ घराणी होत. मक्लूहन वाचताना वाहवत जाण्याचा धोका फार. म्हणून त्यांच्या पाठोपाठ रेमंड विल्यम्स यांचे दूरदर्शनवरील 1974 चे पुस्तक वाचलेच पाहिजे, कारण यंत्राला जणू स्वतःची इच्छा आहे असे मानणाऱ्यांना विल्यम्स खडसावून विचारतात की ते कोणी, कशासाठी आणि कोणाच्या पैशाने उभे केले.

हा प्रश्न स्वतः पोस्टमन यांनी पुरेसा विचारला नाही, असे माझे मत आहे. छापील अक्षराविषयी त्यांची भक्ती इतकी निस्सीम होती की छापखान्यातून तर्कशुद्ध ग्रंथांइतक्याच सहजतेने अफवा आणि द्वेषही बाहेर पडत आले, याकडे त्यांनी डोळेझाक केली. 1982 च्या 'द डिसअपिअरन्स ऑफ चाइल्डहूड' या पुस्तकात बालपण ही छपाईने आणि शाळेने घडविलेली कल्पना असून दूरदर्शन ती पुसून टाकीत आहे, असा त्यांचा सिद्धान्त आहे. तो ज्या फिलिप आरिएसच्या इतिहासावर बराचसा विसंबतो, त्या इतिहासाला पुढे मध्ययुगाच्या अभ्यासकांनी जोराचा विरोध केला; आणि आपल्या देशाला तर तो जसाच्या तसा लागूच पडत नाही. 1975-76 मध्ये उपग्रहाद्वारे सहा राज्यांतील सुमारे 2,400 खेड्यांत दूरदर्शन पोचविण्याचा 'साइट' नामक प्रयोग झाला, तेव्हा त्यांतल्या कित्येक गावांत पुस्तकाच्या आधी पडदा आला. जेथे छापील संस्कृती नीट रुजलीच नव्हती तेथे ती दूरदर्शनने बुडविली असे कसे म्हणावे? म्हणून पोस्टमन यांच्यापासून प्रश्न उसने घ्यावेत, उत्तरे घेऊ नयेत. ते कसे करावे याचा एक नमुना हवा असेल तर त्याच न्यूयॉर्क विद्यापीठातील अरविंद राजगोपाल यांचे 2001 साली निघालेले 'पॉलिटिक्स आफ्टर टेलिव्हिजन' पाहावे. 'रामायण' मालिका दूरदर्शनवर येत असताना भारतीय राजकारणात काय घडत होते याचे ते विवेचन आहे, आणि त्यात अमेरिकेतील निष्कर्ष येथे आणून चिकटविण्याचा आळस नाही.

मत बदलण्याविषयी मात्र पोस्टमन यांचा कित्ता गिरवावा. 1969 साली चार्ल्स वाइनगार्टनर यांच्यासह लिहिलेल्या पुस्तकात त्यांनी शाळेने रूढ व्यवस्थेला सुरुंग लावावा असे प्रतिपादन केले होते. दहा वर्षांनी, 1979 मध्ये, जवळजवळ तेच नाव उलटे करून लिहिलेल्या दुसऱ्या पुस्तकात त्यांनी शाळेने जपणूक करावी असे सांगितले. त्यांचे म्हणणे असे की शिक्षणाने समाजाच्या कलाच्या उलट दिशेला झुकते माप टाकावे; सगळे स्तब्ध असेल तेव्हा हलवावे, सगळेच वेगाने पळत असेल तेव्हा थोपवून धरावे. हा खुलासा पटो न पटो, तो त्यांनी पुस्तक लिहून, आपल्या नावानिशी, पूर्वीच्या पुस्तकाचा उल्लेख टाळण्याची पळवाट न काढता केला. आपल्याकडे जुना लेख कपाटात दडवून नव्या मताची द्वाही फिरविण्याची रीत अधिक आहे.

लेखनशैलीविषयी सांगण्यासारखे थोडे आहे. पोस्टमन हाताने लिहीत, विनोद करीत आणि परिभाषा कटाक्षाने टाळीत. 1984 साली फ्रँकफुर्टच्या ग्रंथमेळ्यात बोलण्याचे निमंत्रण आले, आणि सर्वांचे लक्ष कादंबरीकार ऑर्वेलच्या त्या सालाविषयीच्या भाकिताकडे लागलेले असताना त्यांनी हक्सले या दुसऱ्या कादंबरीकाराच्या भीतीकडे बोट दाखविले. आपल्याला जबरीने कोणी बांधणार नाही, आपण रंजनाने स्वतःच बांधले जाऊ, हा विचार पुढे त्यांच्या सर्वांत गाजलेल्या पुस्तकाचा गाभा झाला. व्याख्यानात जे श्रोत्याला कळले तेच पुस्तकात उतरले, हे त्या पुस्तकाच्या दीर्घायुष्याचे एक कारण असावे. मराठीत लिहिणाऱ्याने 'डिजिटल क्रांती', 'माहितीचा महापूर' असले झिजलेले शब्दप्रयोग मसुद्यातच खोडावेत आणि आपला लेख ज्या माणसांविषयी आहे त्यांच्यापैकी एकाला तरी तो छापण्यापूर्वी वाचून दाखवावा. रास्त भावाच्या दुकानदाराला दाखविलेल्या लेखातल्या चुका संपादकाला दाखविलेल्या लेखापेक्षा लवकर निघतात.

शिक्षण कोठे मिळते, हा पहिला प्रश्न राहिला. पुण्यात रानडे इन्स्टिट्यूट आहे, मुंबईत टाटा संस्थेत माध्यमांचा अभ्यासक्रम आहे. जमल्यास तेथे जावे, न जमल्यास खंत करू नये. त्याहून महत्त्वाची गोष्ट सोबत्यांची. पोस्टमन यांनी 1971 मध्ये आपल्या विद्यापीठात माध्यम-परिस्थितिविज्ञानाचा स्वतंत्र पाठ्यक्रम सुरू केला, आणि सुमारे दहा वर्षे 'एट्सेटरा' या त्रैमासिकाचे संपादन केले. जोशुआ मायरोविट्झ, जे रोझेन यांसारखी पुढे स्वतंत्र नाव मिळविलेली माणसे त्यांच्या हाताखालून गेली. 1992 साली तर त्यांनी स्टीव्ह पॉवर्स या दूरदर्शनवरच्या अनुभवी बातमीदाराला सोबतीला घेऊन बातम्या कशा पाहाव्यात याचे पुस्तक लिहिले, कारण बाहेरून जे दिसत नाही ते आत काम केलेल्याला ठाऊक असते. तेव्हा महिन्यातून एकदा चार माणसे जमवावीत, आणि त्यांत निदान एक तरी असा असावा की जो ती यंत्रे बनवतो, दुरुस्त करतो किंवा विकतो. सगळेच टीकाकार जमले की एकमेकांची पाठ थोपटण्यापलीकडे काही होत नाही.

पैशाचा विषय आरंभी काढला तो पुरा करतो. नाव थोडे होऊ लागले की कंपन्यांकडून परिसंवादांची निमंत्रणे, विमानाची तिकिटे आणि अभिप्रायासाठी पाठविलेली यंत्रे येऊ लागतात. परिसंवादाला जाण्यास हरकत नाही, मात्र तिकीट आपले काढावे. ते परवडत नसेल तर जाऊ नये, किंवा खर्च कोणी केला हे लेखाच्या पहिल्या परिच्छेदात स्पष्ट लिहावे. मानधनाचा करारनामा सही करण्यापूर्वी पूर्ण वाचावा, कारण प्रसिद्धीपूर्वी मजकूर दाखविण्याची अट बहुधा शेवटून दुसऱ्या कलमात असते. ती खोडून सही करावी, आणि खोडणे त्यांना मान्य नसेल तर करार तेथेच सोडावा. अभिप्रायासाठी आलेले यंत्र वापरून झाल्यावर परत पाठवावे, आणि ते पोचल्याची व परत केल्याची, दोन्ही पावत्या आपल्या दप्तरी तारखेनिशी लावून ठेवाव्यात.